पातळ औषधाचा महिन्याचा हिशेब

मेंदूतील चेतापेशी एकाच वेळी अनावर विद्युत्-स्पंदने सोडू लागल्या म्हणजे झटका येतो, आणि असे झटके पुन्हा पुन्हा येत राहण्याच्या आजाराला अपस्मार म्हणतात. भोर-वेल्ह्याकडच्या बोलण्यात तो फेफरे किंवा नुसते 'फिट येणे' या नावाने ओळखला जातो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात सुमारे 5 कोटी लोकांना हा आजार आहे, त्यांपैकी जवळपास 80 टक्के लोक अल्प आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांत राहतात, आणि वेळेवर निदान होऊन योग्य औषध मिळाले तर 70 टक्क्यांपर्यंत रुग्ण झटक्यांवाचून आयुष्य काढू शकतात. याचा अर्थ असा की औषध शोधण्याचे काम बऱ्याच अंशी झालेले आहे, आणि ते रोज, न चुकता, वर्षानुवर्षे रुग्णाच्या हाती पडण्याचे काम मात्र अजून व्हायचे आहे. गोळी गिळू न शकणाऱ्या रुग्णाला बाटलीतून द्यावे लागणारे पातळ औषध, त्याची किंमत कशी ठरते आणि ती शेवटी कोणाच्या खिशातून जाते, हा त्या मोठ्या प्रश्नाचाच एक भाग आहे, आणि तो मोठ्यांच्या गोळ्यांइतका कधी चर्चेत येत नाही.

किकवी हे भोर तालुक्यातील गाव पुणे-सातारा महामार्गावर, कापूरहोळ आणि शिरवळ यांच्या दरम्यान वसलेले आहे. महामार्गामुळे पुण्यातील मोठी रुग्णालये येथून एका एस.टी.च्या अंतरावर आहेत, भोरला उपजिल्हा रुग्णालय आहे, आणि दक्षिणेला शिरवळची औद्योगिक वसाहत आहे. परंतु भाटघर आणि नीरा-देवघर धरणांच्या पाण्यामागे पसरलेली गावे आणि वेल्हे (आता राजगड) तालुक्यातील डोंगरकपारीतल्या वाड्या यांना ही सोय नाही. तेथील आईला मुलाच्या औषधासाठी आधी महामार्गापर्यंत यायचे, मग पुढची गाडी धरायची, आणि त्यापायी दिवसाची मजुरी सोडायची, असा प्रवास करावा लागतो. औषधाच्या वेष्टनावर छापलेल्या किमतीत हा खर्च धरलेला नसतो, तरीही कित्येक घरांत औषध बंद पडण्याचे खरे कारण तोच असतो.

पातळ औषध कोणाला लागते, याचे उत्तर प्रथम स्पष्ट करायला हवे. लहान मुले हा त्यातला सर्वांत मोठा गट आहे, कारण पाच-सहा वर्षांखालील मुलाला गोळी गिळता येत नाही आणि त्याची मात्रा वजनावरून ठरत असल्याने ती अर्ध्या मिलीलिटरच्या फरकाने कमी-जास्त करावी लागते. जन्माच्या वेळी मेंदूला प्राणवायू कमी पडल्यामुळे किंवा अन्य कारणाने मेंदूचा पक्षाघात, म्हणजेच सेरेब्रल पाल्सी, झालेल्या मुलांचा दुसरा गट आहे. त्यांतील अनेकांना अपस्मारही असतो आणि गिळण्याच्या स्नायूंवर ताबा नसल्याने वय वाढले तरी त्यांची बाटली सुटत नाही. तिसरा गट वृद्धांचा आहे. लकव्याचा झटका येऊन गेलेल्या माणसाला पुढे फिटही येऊ लागतात, आणि ज्याला नाकातून घातलेल्या नळीने अन्न द्यावे लागते त्याला गोळ्यांऐवजी द्रवरूप औषधच सोयीचे ठरते. या तिन्ही गटांतील रुग्ण स्वतः दुकानात जाऊ शकत नाहीत, स्वतःची मात्रा मोजू शकत नाहीत आणि औषध चुकले हे पुष्कळदा सांगूही शकत नाहीत, म्हणून त्यांच्या बाबतीत पुरवठ्यातील एकेका दिवसाच्या खंडाचा अर्थ अधिक गंभीर होतो.

मात्रेचा हिशेब उदाहरणाने पाहिला तर खर्चाचे स्वरूप कळते. सोडियम व्हॅल्प्रोएट हे अपस्मारावरील एक प्रमुख औषध असून त्याच्या द्रावणात दर 5 मिलीलिटरमध्ये 200 मिलिग्रॅम औषध असते. बारा किलो वजनाच्या मुलाला दर किलोमागे दिवसाला 20 मिलिग्रॅम याप्रमाणे औषध सुरू केले, तर त्याला रोज 240 मिलिग्रॅम, म्हणजे 6 मिलीलिटर, लागतात. महिन्याला 180 मिलीलिटर. मूल अठरा किलोचे झाले की त्याच प्रमाणाने महिन्याचे 270 मिलीलिटर होतात. लेव्हेटिरासिटाम या तुलनेने नव्या औषधाच्या दर मिलीलिटरमध्ये 100 मिलिग्रॅम औषध असते, आणि बारा किलोच्याच मुलाला किलोमागे 30 मिलिग्रॅमने दिवसाला 3.6, महिन्याला 108 मिलीलिटर लागतात. म्हणजे 100 मिलीलिटरची एक बाटली महिना पुरी करत नाही, दोन दिवस आधीच संपते, आणि पगार किंवा दुधाचे पैसे महिन्याच्या ठरावीक तारखेला हाती येणाऱ्या घरात नेमके ते दोन दिवस कोरडे जाण्याचा धोका असतो. (ही आकडेमोड खर्च समजावा म्हणून केलेली आहे, प्रत्यक्ष मात्रा प्रत्येक रुग्णासाठी डॉक्टरच ठरवतात.) गोळी घेणाऱ्या प्रौढाची मात्रा बरीच वर्षे तीच राहते, बाटलीवरच्या मुलाचा खर्च मात्र त्याच्या वजनाबरोबर वाढत जातो. सलग किमान दोन वर्षे झटका आला नाही तरच औषध कमी करण्याचा विचार सामान्यतः केला जातो, म्हणून हा खर्च एखाद्या तापासारखा आठवड्यात संपणारा नाही.

व्हॅल्प्रोएटचा शोध पातळ औषधांच्या कथेत विशेष महत्त्वाचा आहे. व्हॅल्प्रोइक आम्ल 1882 साली प्रथम तयार झाले आणि पुढची ऐंशी वर्षे ते केवळ एक द्रव म्हणून, इतर पदार्थ विरघळवण्यासाठी वापरले गेले. 1962 साली फ्रान्समध्ये पिएर एमार्ड हे काही संयुगांचा झटक्यांवर परिणाम होतो का हे तपासत असताना ती सर्व संयुगे या द्रवात विरघळवलेली होती, आणि प्रत्येक संयुगाने झटके थांबू लागलेले पाहून गुण संयुगांचा नसून त्या द्रवाचाच असल्याचे लक्षात आले. त्याआधी 1912 साली फेनोबार्बिटोनचा आणि 1938 साली फेनिटॉइनचा उपयोग सिद्ध झालेला होता. लेव्हेटिरासिटामला अमेरिकेत 1999 साली मान्यता मिळाली. यांतील पहिली तिन्ही औषधे पेटंटच्या बंधनातून केव्हाच मुक्त झालेली असून लेव्हेटिरासिटामही आता अनेक भारतीय कंपन्या बनवतात, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या म्हणण्याप्रमाणे अपस्मारावरील जुन्या औषधांचा वर्षाचा खर्च 5 डॉलर इतका कमी असू शकतो.

फेनिटॉइनच्या बाबतीत किमतीपेक्षा वेगळी अडचण उभी राहते आणि ती नीट समजून घेण्यासारखी आहे. हे औषध पाण्यात विरघळत नाही, त्याचे बारीक कण द्रवात तरंगत ठेवलेले असतात. अशा मिश्रणाला निलंबन म्हणतात. बाटली न हलवता दिली तर वरच्या भागातून मुलाला जवळपास नुसता गोड द्रवच मिळतो आणि महिन्याच्या शेवटी तळाशी साचलेले औषध दाट होऊन मात्रा वाढते. शिवाय फेनिटॉइनचे निलंबन 5 मिलीलिटरमध्ये 30 मिलिग्रॅम आणि 125 मिलिग्रॅम अशा दोन तीव्रतांत तयार होते, म्हणजे 'एक चमचा' म्हणून सांगितलेल्या मात्रेत एका बाटलीपेक्षा दुसऱ्या बाटलीतून चौपटीहून अधिक औषध पोटात जाऊ शकते. त्यातच यकृताची हे औषध पचवण्याची क्षमता एका मर्यादेनंतर भरून जाते, त्यामुळे मात्रेत थोडी वाढ झाली तरी रक्तातील पातळी एकदम चढते आणि मूल झोकांड्या देऊ लागते, डोळे थरथरतात, जीभ जड होते. दुकानात एक बाटली नसली की दुसरी देण्याची पद्धत अन्य औषधांत खपून जाते; येथे ती धोक्याची आहे. म्हणून चिठ्ठीवर औषधाचे नाव, 5 मिलीलिटरमधील मिलिग्रॅम आणि द्यायचे मिलीलिटर या तिन्ही गोष्टी असायला हव्यात, आणि घरातील चमचे लहान-मोठे असल्याने मात्रा मापाच्या टोपणाने किंवा सुई नसलेल्या सिरिंजनेच मोजायला हवी. ही सिरिंज अगदी थोडक्या पैशांत मिळते, पण ती वापरण्याविषयी सांगायला कोणी वेळ काढत नाही.

आता किमतीकडे वळता येईल. केंद्र सरकारने 13 सप्टेंबर 2022 रोजी प्रसिद्ध केलेल्या अत्यावश्यक औषधांच्या राष्ट्रीय यादीत 384 औषधे आहेत आणि त्यांत फेनोबार्बिटोन, फेनिटॉइन, कार्बामाझेपिन, सोडियम व्हॅल्प्रोएट व लेव्हेटिरासिटाम ही पाचही औषधे गोळ्यांबरोबरच तोंडाने घ्यायच्या द्रवरूपातही नोंदलेली आहेत. या नोंदीला कायदेशीर वजन आहे. 2013 च्या औषध किंमत नियंत्रण आदेशानुसार यादीतील प्रत्येक औषधाच्या प्रत्येक नमूद रूपाला कमाल किंमत ठरवून दिली जाते. बाजारात एक टक्का किंवा अधिक वाटा असलेल्या सर्व उत्पादनांची विक्रेत्याला पडणारी किंमत घेऊन तिची सरासरी काढली जाते आणि तिच्यावर किरकोळ विक्रेत्याचा 16 टक्के नफा धरला जातो. हे काम राष्ट्रीय औषध मूल्य निर्धारण प्राधिकरण करते. द्रवरूप औषधांची कमाल किंमत दर मिलीलिटरला ठरत असल्याने बाटलीवरच्या छापील किमतीला तिच्यातील मिलीलिटरने भागले, तर वेगवेगळ्या कंपन्यांच्या बाटल्यांची तुलना कोणालाही करता येते, आणि 'फार्मा सही दाम' या सरकारी ॲपवर ती पडताळताही येते.

मात्र ही कमाल मर्यादा स्थिर नसते. घाऊक किंमत निर्देशांकाप्रमाणे ती दर एप्रिलमध्ये बदलता येते, आणि 2022 साली सुमारे 10.77 टक्के व 2023 साली सुमारे 12.12 टक्के वाढीला परवानगी मिळाल्याने दोन वर्षांतच यादीतील औषधे जवळपास पावपटीने महागण्याची वाट मोकळी झाली. त्यानंतर 2024 साली ही वाढ नाममात्र राहिली आणि 2025 साली ती पावणेदोन टक्क्यांच्या आसपास होती. 22 सप्टेंबर 2025 पासून बहुतेक औषधांवरील वस्तू व सेवा कर 12 वरून 5 टक्क्यांवर आला, हा दिलासा खरा आहे. तरी किंमत नियंत्रणाचा मूळ मर्यादित अर्थ विसरता येत नाही: ते औषध कितीपेक्षा महाग विकू नये एवढेच सांगते, ते किकवीच्या किंवा नसरापूरच्या दुकानात असलेच पाहिजे असे सांगत नाही. गावातला मेडिकलवाला वर्षात दोन-तीन मुलांनाच लागणारी, मुदत संपली तर अंगावर पडणारी बाटली सहसा साठवून ठेवत नाही, आणि फेनोबार्बिटोनसारखे औषध नियंत्रित पदार्थांच्या कायद्याखाली येत असल्याने ती कटकटच टाळतो. त्याला दोष देण्यात अर्थ नाही. मागणी विखुरलेली असली की बाजार असाच वागतो.

जनऔषधी केंद्रांनी किमतीचा प्रश्न आणखी सौम्य केला आहे. 25 नोव्हेंबर 2008 रोजी अमृतसरला पहिले केंद्र उघडले, 2023 च्या नोव्हेंबरात देशातील दहा हजारावे केंद्र देवघरच्या 'एम्स'मध्ये सुरू झाले, आणि येथील औषधे नाममुद्रेच्या औषधांपेक्षा 50 ते 90 टक्क्यांनी स्वस्त असतात. नाममुद्रा नसलेल्या स्वस्त औषधाविषयी पालकांच्या मनात जी शंका असते ती पूर्णपणे निराधार म्हणून झटकून टाकणे योग्य नाही, कारण द्रवरूप औषधांची सुरक्षितता त्यांतील मूळ औषधाइतकीच ते ज्यात मिसळलेले असते त्या द्रवाच्या शुद्धतेवर अवलंबून असते. 1986 साली मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात दूषित ग्लिसरीनमुळे 14 रुग्ण दगावले, त्यात डायएथिलिन ग्लायकॉल हे विष होते, आणि न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने त्या प्रकरणात खरेदीपासून तपासणीपर्यंतची सारी साखळी उघडी पाडली. परंतु त्या घटनेचा धडा औषध महाग घ्यावे असा नाही. तो प्रत्येक बॅच तपासली जावी असा आहे, आणि तो महागड्या बाटलीलाही तितकाच लागू आहे. अपस्मारात एक व्यवहार्य नियम मात्र पाळावा: ज्या उत्पादनावर रुग्ण स्थिर आहे ते विनाकारण दर महिन्याला बदलू नये, आणि बदलायचेच तर डॉक्टरांना सांगून बदलावे.

यानंतर खरा प्रश्न येतो: सरकारी योजना हा खर्च उचलतात का? महाराष्ट्रात 2 जुलै 2012 रोजी आठ जिल्ह्यांत राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना सुरू झाली, नोव्हेंबर 2013 मध्ये ती उरलेल्या राज्यात आली, 2017 साली तिला महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना हे नाव मिळाले आणि पुढे ती केंद्राच्या आयुष्मान भारत योजनेशी जोडून संरक्षणाची रक्कम कुटुंबामागे वर्षाला 5 लाख रुपयांपर्यंत वाढवण्यात आली. या योजनेने हजारो घरांना कर्जातून वाचवले आहे आणि तिचे मोल कमी लेखता येणार नाही. परंतु तिची रचना रुग्णालयातील खाटेभोवती झालेली आहे. रुग्ण दाखल झाला, ठरलेल्या यादीतील उपचार झाला, की पैसे मिळतात. घरी सोडल्यानंतरच्या औषधांची जबाबदारी फुले योजनेत 10 दिवसांची असते. अकराव्या दिवसापासून बाटली घरच्यांची.

या रचनेचा अपस्मारावर होणारा परिणाम नीट पाहिला पाहिजे, कारण या लेखाचा मुख्य मुद्दा तोच आहे. औषध अचानक बंद पडले की काही रुग्णांना एकामागून एक झटके येतात आणि मधे शुद्धच येत नाही. पाच मिनिटांपेक्षा अधिक चाललेला झटका ही जीवघेणी आणीबाणी समजली जाते. अशा वेळी 108 क्रमांकाची रुग्णवाहिका येते, मुलाला अतिदक्षता विभागात ठेवावे लागते, आणि या दाखल होऊन घ्यायच्या उपचाराचा खर्च योजना देते. म्हणजे जी बाटली वेळेवर मिळाली असती तर हा प्रसंग आला नसता, तिच्यासाठी योजनेत तरतूद नाही आणि ती न मिळाल्याने ओढवलेल्या संकटासाठी आहे. शासनाच्या तिजोरीच्या दृष्टीने पाहिले तरी हा व्यवहार तोट्याचा आहे, कारण अतिदक्षतेतील काही दिवसांच्या खर्चात त्याच मुलाला दीर्घकाळ पुरेल इतके द्रवरूप औषध घेता येते; मुलाच्या मेंदूचे होणारे नुकसान तर कोणत्याही हिशेबात धरलेलेच नाही.

दाखल न होता मिळणाऱ्या औषधासाठी सरकारी रुग्णालय हा मार्ग उरतो. 15 ऑगस्ट 2023 पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत केसपेपरपासून उपचारापर्यंत सर्व सेवा निःशुल्क झाल्या आहेत. भोरचे उपजिल्हा रुग्णालय आणि औंधचे जिल्हा रुग्णालय या निर्णयाखाली येतात. पुण्याचे ससून रुग्णालय वैद्यकीय शिक्षण विभागाचे असल्याने त्याचे नियम वेगळे आहेत, ही बाब तेथे जाणाऱ्यांनी लक्षात ठेवावी. पण निःशुल्क असणे आणि उपलब्ध असणे यांत पुन्हा तोच फरक आहे. राज्यातील सरकारी औषध खरेदीची जबाबदारी 2017 नंतर हाफकिन महामंडळाकडे गेली आणि तेथील विलंबाच्या तक्रारींनंतर 2023 च्या कायद्याने महाराष्ट्र वैद्यकीय वस्तू खरेदी प्राधिकरण स्थापन झाले. खरेदीची व्यवस्था बदलत असताना सर्वाधिक खपणाऱ्या गोळ्या कशाबशा येत राहतात, आणि थोड्या मुलांना लागणाऱ्या बाटल्या मागे पडण्याचा धोका असतो.

लहान मुलांसाठी आणखी एक दार आहे. 6 फेब्रुवारी 2013 रोजी पालघर येथे सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जन्मापासून 18 वर्षांपर्यंतच्या मुलांची अंगणवाडीत आणि शाळेत तपासणी होते, आणि तपासायच्या आजारांच्या यादीत झटक्यांच्या विकारांची स्पष्ट नोंद आहे. तपासणी पथकाने शोधलेल्या मुलाला वरच्या रुग्णालयात पाठवणे हे या कार्यक्रमाचे काम आहे. आयुष्मान आरोग्य मंदिरांच्या कार्यपद्धतीतही मानसिक व चेताविकारांच्या सेवेत अपस्माराचा समावेश केलेला असून निदान झालेल्या रुग्णाचा पाठपुरावा गावाच्या पातळीवर व्हावा अशी अपेक्षा आहे. कागदावर ही साखळी पूर्ण आहे. आशा सेविकेने घरी जाऊन बाटलीतील उरलेले औषध पाहणे, एवढी शेवटची कडी जोडली तर ती प्रत्यक्षातही पूर्ण होईल. अजूनही काही घरांत फिट आलेल्या मुलाला कांदा किंवा चप्पल हुंगवली जाते. ज्या आशा सेविकेने त्याऐवजी मुलाला कुशीवर वळवायला शिकवले, तिच्याच सांगण्यावरून औषधही चालू राहते, इतका तिचा शब्द गावात चालतो.

ज्या मुलांना अपस्माराबरोबर सेरेब्रल पाल्सी, स्वमग्नता, बौद्धिक अक्षमता किंवा बहुविकलांगता आहे, त्यांच्यासाठी राष्ट्रीय न्यासाची 'निरामय' आरोग्य विमा योजना आहे, आणि बाटलीच्या खर्चाच्या दृष्टीने ती या संपूर्ण व्यवस्थेतील सर्वांत उपयोगी व सर्वांत कमी माहीत असलेली योजना म्हणावी लागेल. 1999 च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखालील या योजनेत वर्षाला 1 लाख रुपयांपर्यंत संरक्षण मिळते, आधी वैद्यकीय तपासणीची अट नाही, आणि मुख्य म्हणजे दाखल न होता घेतलेल्या उपचाराचा व औषधांचा खर्चही ठरावीक मर्यादेपर्यंत परत मिळतो. त्यासाठी दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र लागते आणि दर महिन्याच्या पावत्या जपून ठेवाव्या लागतात. ग्रामपंचायतींनी स्वतःच्या उत्पन्नाच्या 5 टक्के रक्कम दिव्यांगांच्या कल्याणासाठी खर्च करायची असते, हेही अशा कुटुंबांनी ग्रामसभेत विचारण्यासारखे आहे. मात्र केवळ अपस्मार असलेल्या मुलाला हे दरवाजे बंद राहतात, कारण 2016 च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यातील 21 प्रकारांत अपस्माराचे नाव नाही. खासगी आरोग्य विम्याची स्थिती याहून कठीण आहे: विमा नियामक प्राधिकरणाने 2019 साली कायमस्वरूपी वगळता येतील अशा आजारांची जी यादी केली, तिच्यात अपस्मार आहे.

कामगार कुटुंबांसाठी मात्र एक जुनी आणि भक्कम व्यवस्था आहे. 1948 च्या कायद्याने आलेल्या कर्मचारी राज्य विमा योजनेत महिना 21 हजार रुपयांपर्यंत वेतन असलेल्या कामगाराच्या पगारातून 0.75 टक्के आणि मालकाकडून 3.25 टक्के वर्गणी जाते, आणि त्या बदल्यात कामगारालाच नव्हे तर त्याच्या पत्नीला, मुलांना व अवलंबून असलेल्या आईवडिलांनाही, दाखल न होता घेतलेल्या औषधांसह, उपचार मिळतात. किकवी परिसरातून कारखान्यांत कामाला जाणाऱ्यांपैकी ज्यांच्या पगारपत्रकावर ही कपात दिसते, त्यांनी मुलाची बाटली स्वतःच्या पैशांनी घेण्याआधी या योजनेच्या दवाखान्यात चौकशी करायलाच हवी. कंत्राटदारामार्फत काम करणाऱ्यालाही, वर्गणी भरली जात असेल, तर हा हक्क आहे.

वर्गणीतून औषधाचा खर्च उचलण्याची हीच कल्पना मोठ्या प्रमाणावर कशी चालते, हे अमेरिकेच्या मेडिकेअर योजनेवरून दिसते, आणि मुलांकडे अमेरिकेत स्थायिक होऊ पाहणाऱ्या मराठी आईवडिलांना तिची माहिती उपयोगी पडण्यासारखी आहे. मेडिकेअर ही मुख्यतः 65 वर्षांवरील लोकांची सरकारी विमा योजना असून तिचा 'पार्ट डी' हा औषधांसाठीचा भाग 1 जानेवारी 2006 रोजी सुरू झाला. खासगी कंपन्या या भागाखाली आपापली औषधसूची, म्हणजे कोणत्या औषधाचा खर्च देणार याची यादी, तयार करतात. परंतु सहा वर्गांतील जवळपास सर्व औषधे सूचीत ठेवण्याचे त्यांच्यावर बंधन आहे, आणि त्या सहांत अपस्मारविरोधी औषधांचा वर्ग आहे, कारण या रुग्णांचे औषध मधेच बदलणे धोक्याचे मानले जाते. तरीही तेथे द्रवरूपाची अडचण सुटलेली नाही: एकच औषध एकाच मार्गाने, म्हणजे तोंडानेच, घ्यायच्या निरनिराळ्या रूपांत मिळत असेल तर सर्व रूपे सूचीत ठेवण्याची सक्ती कंपनीवर नाही. गिळता न येणाऱ्या रुग्णाला अशा वेळी डॉक्टरांच्या लेखी कारणासह अपवादाची मागणी करावी लागते. कंपनीने 72 तासांत, आणि तातडीच्या प्रसंगी 24 तासांत, निर्णय द्यावा असा नियम आहे.

त्या योजनेत सर्वांत मोठा बदल 2022 च्या ऑगस्टमधील कायद्याने झाला. 2025 पासून रुग्णाने सूचीतील औषधांसाठी वर्षभरात स्वतः भरायच्या रकमेवर 2,000 डॉलरची मर्यादा आली, 2026 साली ती 2,100 डॉलर झाली, आणि ही रक्कम महिन्याच्या हप्त्यांत भरण्याची सोयही मिळाली. विमा कंपनीने भाग उचलण्यापूर्वी रुग्णाने स्वतः भरायची सुरुवातीची रक्कम 2025 साली जास्तीत जास्त 590 डॉलर होती. या मर्यादेचे महत्त्व तेथील किमतींवरून कळते: लहानपणापासूनच्या काही दुर्धर अपस्मारांसाठी 2018 साली मान्यता मिळालेल्या एपिडायोलेक्स या द्रवरूप औषधाची किंमत बाजारात येताना वर्षाला सुमारे 32,500 डॉलर सांगितली गेली होती. पर्यटक व्हिसावर मुलांकडे गेलेल्या आईवडिलांना मेडिकेअर लागू होत नाही. तेथे पुरेशी वर्षे काम केले नसेल तर कायम वास्तव्याचा परवाना आणि सलग पाच वर्षांचा निवास झाल्यावर वर्गणी भरून तीत प्रवेश घेता येतो. म्हणून अपस्माराचे औषध चालू असलेल्या ज्येष्ठांनी मुक्काम पुरेल इतका साठा, इंग्रजीतील चिठ्ठी आणि मूळ वेष्टन बरोबर न्यावे.

दोन्ही देशांची तुलना केली तर भारतातील स्थिती एका बाबतीत पुष्कळ चांगली आहे: औषध मुळातच स्वस्त आहे, आणि त्याचे श्रेय येथील औषधनिर्मितीला व किंमत नियंत्रणाला आहे. उणीव आहे ती हमीची. अमेरिकेच्या कायद्याने रुग्णाच्या वार्षिक खर्चाला मर्यादा घातली. महाराष्ट्रात मर्यादेची नव्हे, तर महिन्याच्या ठरलेल्या दिवशी ठरलेली बाटली जवळच्या आरोग्य केंद्रात मिळण्याच्या हमीची गरज आहे. ही गोष्ट खर्चिक नाही. एका प्राथमिक आरोग्य केंद्राच्या हद्दीतील द्रवरूप औषधावर असलेल्या मुलांची संख्या एका वहीत मावण्याइतकी असते. त्यांची नावे, वजने आणि महिन्याचे मिलीलिटर आशा सेविकांकडून नोंदवून घेतले, जिल्ह्याची मागणी त्यावरून ठरवली आणि पुरवठा अडकलेल्या महिन्यात रुग्ण कल्याण समितीच्या निधीतून स्थानिक खरेदी केली, तर भोर आणि वेल्ह्यासारख्या डोंगरी तालुक्यांतही एकाही मुलाची मात्रा चुकायचे कारण उरणार नाही. मुंबईचे 'एपिलेप्सी फाउंडेशन' राज्याच्या आरोग्य यंत्रणेबरोबर ग्रामीण भागात तपासणी शिबिरे घेत आले आहे, आणि पुण्यात यशोदा वाकणकर यांनी सुरू केलेला 'संवेदना' हा स्वमदत गट रुग्णांना व कुटुंबांना आधार देतो. शिबिरात निदान झालेल्या मुलाला पुढच्या महिन्याची बाटली कोठून मिळेल, हे त्याच दिवशी लिहून देण्याची पद्धत अशा प्रत्येक प्रयत्नाला जोडली जावी. किकवी परिसरातील ज्या घरांत असे मूल आहे त्यांनी बाटली संपण्याच्या आठवडाभर आधी नव्या बाटलीची व्यवस्था करावी, झटके थांबले म्हणून औषध स्वतःहून बंद करू नये, आणि आरोग्य केंद्रात औषध मिळाले नाही तर केंद्राच्या वैद्यकीय अधिकाऱ्याकडे लेखी मागणी नोंदवावी. कारण मागणी नोंदलेलीच नसेल, तर पुढच्या वर्षीच्या खरेदीत ती बाटली धरली जात नाही.